विहिरीवरचं सारवण

धाकट्या जावेचं उजवं मनगट मी दोन्ही हातांनी धरलं होतं. ती विहिरीत लोंबकळत होती आणि मी वर, विहीर झाकलेल्या प्लायवर, पालथी पडले होते. पाणी मला दिसत नव्हतं. प्लायचे तुकडे सुटून खाली पडत होते, त्यांचा आवाज तेवढा येत होता, आणि तो लगेच येत नव्हता.

"आक्का, सोडू नगंस."

"न्हाई सोडत."

"तुजा हात बुळबुळीत हाय."

होताच. पाच मिनिटांपूर्वी त्याच हातांनी मी शेणकाला फिरवत होते.

माझ्या छातीखाली प्लाय मोडत नव्हता, वाकत होता. कालवणात बुडवलेली भाकरी उचलली की मधून खचते, तसा. हे एवढ्याच जागी नाही, सगळीकडे असंच झालंय, हे त्या अंगणात मला एकटीला माहीत होतं. नऊ दिवस त्या प्लायला पाणी मीच पाजलं होतं.

माणसं धावत आली. मी मान वळवली तर डायरेक्शनमधला एक असिस्टंट, हातात वॉकीटॉकी घेऊन, माझ्या पायांपासून दोन हातांवर उभा.

"मावशी, धरून ठेवा, मी आलो."

"हलू नका," मी म्हणाले. "तुमी बी विहिरीवरच उभं हायसा."

त्याने खाली बघितलं. खाली बघून त्याला काय कळणार होतं? खाली अंगण होतं. या कडेपासून त्या कडेपर्यंत एकच रंग, कुठे सांधा नाही, कुठे उंचवटा नाही. विहीर कुठे संपते आणि जमीन कुठे लागते हे कुणाला कळू नये म्हणून मी राबले होते, आणि आता ते कुणालाच कळत नव्हतं.

"कुठपर्यंत आहे विहीर?" त्याने हळू विचारलं.

मला सांगता येईना.

"आलात तसं माघारी जा," मी म्हणाले. "सारवण वलं हाय, तुमच्या बुटांचं ठसं दिसत्यात. त्याच्यावरच पाय ठिवा. आन बाकीच्यांना हितं येऊ देऊ नका. सगळं भिजल्यालं हाय."

तो उलटा चालत गेला. त्याचा प्रत्येक पाय पडला की प्लायमधून माझ्या पोटाला कळत होतं.

हे कसं झालं ते सांगते.

मी चौथी शिकलेली बाई. आमचं घर पौडजवळ, कासार आंबोलीला. तीस वर्षांमागे गावात पहिल्यांदा पिक्चरवाले आले, त्यांना मातीच्या घराचा सेट करायचा होता. मुंबईच्या माणसांनी भिंती उभ्या केल्या, पण त्यांना सारवता येईना. एकाने ब्रशने शेण लावलं. मी बघायला गेले होते, मला हसू आलं. मी पदर खोचला आणि एक भिंत हाताने सारवून दाखवली. तेव्हापासून मी आर्ट डिपार्टमेंटची. आधी हजेरीवर, मग ज्याला त्याला माझा फोन माहीत झाला.

काम म्हणजे खोट्या गोष्टी खऱ्या दिसायला लावायच्या. कालच्या प्लायची भिंत शंभर वर्षांची करायची. चहाचं पाणी मारायचं, चुलीमागे काजळी धरवायची, उंबऱ्याचा रंग पाय पडतात तिथेच घासून काढायचा. थर्माकोलवर प्लास्टर लावून दगड करायचे. तुळशीवृंदावनं मी किती केली त्याची गणती नाही. आमच्या घरी तुळस नाही, आम्ही बौद्ध. पण कोनाडा केवढा, पणती कुठे, हळदीकुंकवाचे डाग कुठे पडतात, हे कुणी झोपेतून उठवून विचारलं तरी सांगीन. ताम्हिणीला एकदा सबंध भिंत एका पावसात वाहून गेली आणि आम्ही दुपारपर्यंत पुन्हा उभी केली. चांदे गावाजवळच्या एका शेडमध्ये मालिकेचं स्वयंपाकघर होतं, ते मी तीन वर्षं सांभाळलं. तिथल्या डब्यांत डाळ होती की नाही ते कुणी विचारत नव्हतं, पण डबा कालच्या जागेवरून दोन बोटं सरकला तर ओरडा बसायचा.

या कामात मला भीती नेहमी होती. उंचावरची नाही, विजेची नाही. उद्यापासून येऊ नका म्हणतील, ही भीती. या धंद्यात कुणी काढून टाकत नाही, नुसतं बोलावत नाहीत. त्यामुळे मी नाही म्हणायला शिकलेच नाही. कुणी विचारलं होईल का मावशी, की मी म्हणायची होईल. आधी म्हणायची आणि मग कसं करायचं ते बघायची.

ही विहिरीची गोष्ट चार वर्षांपूर्वीची, दिवाळीनंतरची. घर आमच्याच गावातलं. मालकांनी निम्मी जमीन बंगलेवाल्यांना विकली, निम्मी ठेवली, त्यातलं हे जुनं शेतघर शूटिंगला भाड्याने दिलं होतं. घर चांगलं होतं, पण अंगणाच्या मधोमध विहीर होती. कठडा नाही, जमिनीसरसं तोंड. बोअर झाल्यापासून कुणी पाणी काढत नव्हतं. पाऊस नुकताच संपलेला, त्यामुळे पाणी दोन पुरुष खाली आणि त्याखाली किती ते कुणाला माहीत नाही. आणि पिक्चरच्या गोष्टीत त्या घराला विहीर नव्हती. गोष्टीतली माणसं पाण्यासाठी लांब जात होती, तीच तर गोष्ट होती.

"मावशी, इथे विहीर आहे हे मलासुद्धा कळायला नको," आर्टच्या मॅडम म्हणाल्या. पुण्याच्या होत्या, वयाने माझ्या मुलीएवढ्या.

"होईल," मी म्हणाले.

सुतारमिस्त्री आमच्याच भागातला, पंधरा वर्षं माझ्याबरोबर काम केलेला. त्याने लोखंडी पाइप मागितले होते, ते आले नाहीत. मग त्याने निलगिरीचे वासे आडवे टाकले, वर प्लाय ठोकला, कडेने चुन्याची रेघ मारली. त्या प्लायवरच एका अंगाला मी थर्माकोलचं तुळशीवृंदावन बसवलं.

"मावशी, चार माणसं चालतील," तो मला म्हणाला. "जनावर नगं, गाडी नगं. आन पानी कमी वापरा. लाकूड हाय ते, जमीन न्हाई."

"मला शिकीव," मी म्हणाले.

त्याने मला बरोबर सांगितलं होतं. मी ऐकलं आणि विसरले नाही, पण मला जमेना. जमिनीवरचं सारवण वाळलं की काळपट होतं, प्लायवरचं वाळलं की पांढरं पडतं आणि तडकतं. पहिल्या दिवशी दुपारपर्यंत अंगणात गोल उमटला, परातीच्या कडेइतका स्पष्ट नाही, पण कॅमेऱ्याला दिसेल एवढा. मॅडम नुसत्या त्या गोलाकडे बघत राहिल्या. मला रात्री जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी तांबडी माती जास्त घातली, काला पातळ केला, आणि पॅकअप झाल्यावर त्या गोलावर भिजवलेली गोणपाटं टाकली. नवी भिंत तडकू नये म्हणून आम्ही घरी तेच करतो. सकाळी गोणपाटं काढली, वरून पुन्हा एक हात फिरवला. गोल गेला. चुन्याची रेघही त्यातच गेली, मी ती पुन्हा मारली नाही. मॅडमनी माझ्या पाठीवर हात ठेवला. मग मी रोज तेच करत राहिले. जमीन पाणी पिते आणि दुपारी परत देते. प्लाय पितो तो परत देत नाही. हे मला आता कळतं असं नाही. तेव्हाही कळलं असतं, पण मी तिकडे बघतच नव्हते. मी रंगाकडे बघत होते.

एक खूण आली होती. सुरुवातीला कलाकार त्या जागेवरून चालले की पोकळ आवाज यायचा, धप धप. आवाज घेणारा माणूस हिंदी बोलणारा, तो कानाला हेडफोन लावून रोज तक्रार करायचा. सहाव्या दिवशी आवाज बंद झाला. तो खूश झाला, मला म्हणाला, "आंटी, आपने कुछ किया? अब एकदम ज़मीन जैसा है."

मी हसले. मग सगळे जेवायला गेल्यावर मी एकटीच त्या जागेवर जाऊन उभी राहिले. टाच दाबली. खाली दबलं आणि टाच उचलली तरी लगेच वर आलं नाही.  मी मिस्त्रीला हाक मारायला तोंड उघडलं होतं. मग मनात आलं, तो सगळं उचकटायला लावणार, शूटिंग थांबणार, का थांबलं ते मॅडम विचारणार. तीन दिवसच राहिले होते. मी तोंड मिटलं आणि जेवायला गेले. त्या दिवसापासून मी स्वतः त्या जागेवर मधोमध पाय ठेवला नाही. कडेला, रेघ नसल्यामुळे अंदाजानेच, बसून हात लांब करून सारवायची. बाकीच्यांना चालू देत होते.

धाकटी जाऊ माझ्या हाताखाली होती. दीर गेल्यानंतर मीच तिला कामाला आणलं होतं. अंगाने भरलेली, तोंडाने फाटकी, कामाला चोख. तिला पोहता येत नाही. नवव्या दिवशी सकाळी मी सारवायला बसले होते, काला घट्ट झाला होता, मी तिला पाणी आणायला सांगितलं. ती हंडा घेऊन आली आणि गोलाच्या कडेला थांबली.

"आक्का, हितं माजा पाय दबतोय."

"दबंल न्हाई तर काय. जड कोण हाय?"

"तू पन कडंकडंनं बसतीस की. मी बगितलंय."

"माजी कंबर दुखतीया म्हनून. आन इकडं, वळसा घालून येशील तर काला वाळंल."

ती आली. माझ्यापासून हातभर अंतरावर तिचा डावा पाय गुडघ्यापर्यंत आत गेला. तिने माझ्याकडे बघितलं. तिचा चेहरा घाबरलेला नव्हता, मला काहीतरी विचारत असल्यासारखा होता. मग दोन वाशांमधला अख्खा तुकडा खाली गेला, हंडा गेला, ती गेली, आणि माझ्या हातात तिचं मनगट आलं. मी कधी पुढे झेपावले ते मला आठवत नाही.

दुसऱ्या हाताने तिने प्लायची कड धरली होती. ती कड तिच्या बोटांत चुरगळत होती, तिचे पापुद्रे सुटत होते. ती बोलत होती. घाबरली की ती बोलते.

"आपल्या सासूला हितनं पानी काढू दिलं न्हाई," ती म्हणाली. "लांब हुबं ऱ्हाऊन वाडून घ्यावं लागायचं. आन मला आख्खी विहीर देत्यात बग."

"गप. ताकद घालवू नगंस."

"मागं कुनी येतंय का?"

"येत्यात."

मागे मिस्त्री आला होता. तो चहाच्या टेबलापाशी होता, कुणीतरी त्याला ओढत आणलं. तो कडेला उभा राहून बोलला. आवाज चढवला नाही.

"मावशी, ऐका. वासं पूर्व-पश्चिम हायेत. तुळशीच्या रेघेत एक, त्याच्यापसनं दोन फुटांवर दुसरा. तुमचं पाय कुटल्या वाशावर हायेत?"

"ठावं न्हाई."

"पायानं चाचपा."

मी पायाच्या अंगठ्याने चाचपत होते. सगळीकडे मऊ लागत होतं. तोवर मिस्त्रीने कॅमेऱ्याच्या ट्रॉलीचे रूळ आणायला सांगितले. ज्या रुळांवरून कॅमेरा ढकलतात ते. लाइटवाल्यांनी ते उचलून आणले आणि अंगणावर आडवे सरकवायला लागले, म्हणजे वजन पसरेल. रूळ सारवणावरून घासत येत होते. ते माझ्या पायांपर्यंत आले असतील, आणखी चार हात राहिले असतील.

तेव्हा माझ्या छातीखाली प्लाय गेला.

सगळा गेला नाही. एकदम वीतभर खाली बसला. माझं डोकं भोकात गेलं आणि मला पहिल्यांदा पाणी दिसलं, काळं, त्यावर तिचा हंडा फिरत होता. तिचा चेहरा माझ्या चेहऱ्यापासून हातभर. आणि माझे हात उघडले.

लोक म्हणाले, सुटली. मिस्त्री म्हणाला, मावशी, एवढं वजन कुनाला पेललं असतं. मॅडम रडत म्हणाल्या की तुम्ही प्रयत्न केलात. मी तिथे काही बोलले नाही. इथे लिहिते. सुटली नाही. मी सोडली. घाबरले आणि सोडली. हात मागे घेतले, वासा सापडला, त्याला मिठी मारली.

ती पडल्याचा आवाज मोठा आला. मग काहीच आवाज नाही.

मिस्त्री रुळावरून रांगत माझ्या शेजारी आला. त्याने भोकात बघितलं, माझ्याकडे बघितलं नाही. मी केलेलं तुळशीवृंदावन त्याने हात लांब करून बुडापासून उपटलं आणि भोकात ढकललं. थर्माकोलचं होतं, कितीही मोठं असलं तरी ते बुडणार नव्हतं. मग लाइटवाल्यांचा दोर कमरेला बांधून तो स्वतः खाली उतरला. दोर रुळाला घासत होता. मी वाशाला धरून पडून होते. माझी लघवी झाली होती. कुणीतरी पाय धरून मला मागे ओढलं तरी मी वासा सोडेना, माझी बोटं एकेक करून उघडावी लागली.

खालून मिस्त्रीचा आवाज आला, "वडू नका अजून." मग खूप वेळ नुसतं पाणी वाजत होतं. किती वेळ ते मला विचारू नका. त्या वेळात मी दिराच्या दोन पोरींना काय सांगायचं ते ठरवत होते. पाय घसरला, असं सांगणार होते.

मग खोकला ऐकू आला, बाईचा.

तिला वर घेतली तेव्हा तिचा उजवा खांदा निखळलेला होता, मी धरला होता त्याच हाताचा. अंगभर थर्माकोलचे पांढरे दाणे चिकटले होते. तिला गाडीत घालून पौडला दवाखान्यात नेली. मी मागच्या गाडीत होते. सगळा रस्ता मला वाटत होतं की गाडीखालची जमीन खचणार. आम्ही डांबरी रस्त्यावर होतो तरीही.

खांदा बसवल्यावर संध्याकाळी त्यांनी मला आत सोडलं. मी खुर्चीवर बसले. ती छताकडे बघत होती.

"आयुष्यात पयल्यांदा तुळस धरली," ती म्हणाली. "ती बी थर्माकोलची."

मी तिच्या केसांतला एक पांढरा दाणा काढला.

"आक्का."

"काय?"

"हात सुटतो ते येगळं लागतं आन सोडत्यात ते येगळं लागतं."

दार उघडं होतं, बाहेर मॅडम होत्या. मी उठून दार लावलं नाही.

"व्हय," मी म्हणाले. "मी सोडला."

"आन पाय दबतोय म्हनलं तवा तुला ठावं हुतं."

"तीन दिवसांपसनं ठावं हुतं."

ती बराच वेळ गप्प राहिली. तिला गप्प मी कधी बघितली नव्हती, मला विहिरीच्या तोंडावर वाटली त्याहून जास्त भीती तेव्हा वाटली. मग ती म्हणाली, "पोरींना सांगू नगंस. त्या तुज्या घरी जेवत्यात."

मी मिस्त्रीला आणि मॅडमना मात्र दुसऱ्या दिवशी सांगितलं, आवाज बंद झाला तिथपासून. मॅडमनी ऐकून घेतलं. त्यांनी मला नंतर बोलावलं नाही. मिस्त्री बोलावतो, पण पाण्याची बादली आता तोच भरून देतो, तेवढीच. मी जाते. सारवते. अजून कुठल्याही अंगणात पाऊल टाकताना आधी टाच दाबून बघते, आमच्या स्वतःच्या घरीसुद्धा, जिथे खाली मुरूम आहे हे मला पक्कं माहीत आहे.

धाकटीचा उजवा हात खांद्याच्या वर जात नाही. ती जगली. मिस्त्री जगला. मी जगले.